दहावीचे गणित : गुणांचा अंदाज आणि गुणांची वाढ

दिवाळीची सुटी संपून शाळा पुन्हा भरू लागल्या की, दहावीच्या वर्गातील वातावरण हळूहळू बदलू लागते. सहामाही परीक्षेच्या उत्तरपत्रिका मुलांच्या हाती आलेल्या असतात. घरोघरी एकच प्रश्न विचारला जातो : "गणितात किती पडतील?" या प्रश्नाला शिक्षक काही उत्तर देतात, विद्यार्थी काही देतो आणि पालक मनाशी काही धरून चालतात. या तीन उत्तरांचा मेळ क्वचितच बसतो. किंबहुना, बहुतेक ठिकाणी हे उत्तर म्हणजे एक आकडा असतो आणि त्या आकड्यामागे कोणताही हिशेब नसतो.

या आकड्यावर मात्र पुष्कळ काही अवलंबून असते. ज्या मुलीबद्दल "गणितात हिचे काही खरे नाही" असे घरात ठरून जाते, तिची शाळा परीक्षेआधीच मनातून सुटलेली असते. ज्या मुलाला "सहज साठच्या वर जाशील" असे सांगितले जाते, तो जानेवारी गाफील राहून घालवतो. दोघांचेही नुकसान अंदाज चुकल्यामुळे होते. म्हणूनच गुणांचा अंदाज कसा करावा आणि त्या अंदाजाचा उपयोग गुण वाढविण्यासाठी कसा करावा, या दोन्ही गोष्टींचा एकत्र विचार करणे अगत्याचे आहे.

परीक्षेचा आराखडा

महाराष्ट्र राज्य माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळाची स्थापना १९६५ च्या अधिनियमानुसार झाली आणि १९६६ च्या प्रारंभापासून मंडळाचे काम सुरू झाले. नव्या आकृतिबंधानुसार दहावीची पहिली शालान्त परीक्षा १९७५ साली झाली. तेव्हापासून अभ्यासक्रम आणि प्रश्नपत्रिका यांत अनेक बदल झाले. २०१८ मध्ये दहावीची नवी पाठ्यपुस्तके आली आणि मार्च २०१९ च्या परीक्षेपासून प्रश्नपत्रिकेचा नवा आराखडा लागू झाला. पुढील विवेचन याच आराखड्याला धरून केलेले आहे. आराखडा पुढे बदलला, तरी त्यामागील रीत तीच राहते.

या आराखड्यात गणिताचे एकूण १०० गुण असून त्यांपैकी ८० लेखी व २० अंतर्गत मूल्यमापनाचे आहेत. लेखी परीक्षेचे दोन भाग असतात. पहिल्या भागात बीजगणिताचे, तर दुसऱ्या भागात भूमितीचे घटक येतात. प्रत्येक भाग ४० गुणांचा व दोन तासांचा. पहिल्या भागात दोन चलांतील रेषीय समीकरणे, वर्गसमीकरणे, अंकगणिती श्रेढी, अर्थनियोजन, संभाव्यता व सांख्यिकी ही सहा प्रकरणे आहेत. दुसऱ्या भागात समरूपता, पायथागोरसचे प्रमेय, वर्तुळ, भौमितिक रचना, निर्देशक भूमिती, त्रिकोणमिती व महत्त्वमापन ही सात प्रकरणे आहेत.

प्रत्येक भागातील ४० गुणांची वाटणी पाहण्याजोगी आहे. पहिल्या प्रश्नात एकेका गुणाचे आठ उपप्रश्न असतात. दुसऱ्या प्रश्नात दोन-दोन गुणांचे सहा उपप्रश्न सोडवावयाचे असतात. त्यांपैकी दोन कृतिप्रश्न असून, त्यांत उत्तराच्या पायऱ्या छापलेल्या असतात आणि विद्यार्थ्याने फक्त रिकाम्या चौकटी भरावयाच्या असतात. तिसऱ्या प्रश्नात तीन गुणांचे तीन, चौथ्यात चार गुणांचे दोन आणि पाचव्यात तीन गुणांचा एक प्रश्न असतो. पर्याय धरून छापलेल्या प्रश्नांचे गुण ६० होतात.

याचा अर्थ असा की, ८ आणि १२ मिळून २० गुण, म्हणजे पत्रिकेचा नेमका निम्मा भाग, एक-दोन पायऱ्यांच्या प्रश्नांचा आहे. दोन्ही भाग मिळून असे ४० गुण होतात. एखाद्या कच्च्या समजल्या जाणाऱ्या विद्यार्थ्याने या ४० पैकी २४ गुण मिळविले आणि अंतर्गत मूल्यमापनात त्याला १४ गुण असले, तर त्याची बेरीज ३८ होते. उत्तीर्ण होण्यासाठी विषयात १०० पैकी ३५ गुण लागतात. "गणित सुटणारच नाही" असे मानून बसलेल्या मुलाला हा साधा हिशेब मांडून दाखविणे, हीच त्याच्या सुधारणेची पहिली पायरी होय. अर्थात, ही पायरी म्हणजे जिना नव्हे. अडतीस गुणांवर समाधान मानण्याची सवय मुलाला लागू नये, याचीही काळजी शिक्षकाने घ्यावयास हवी.

अंदाज कसा करावा

गुणांचा अंदाज करताना सर्वसाधारणपणे शेवटच्या चाचणीचे गुण घेतले जातात आणि तेच प्रमाण वार्षिक परीक्षेला लावले जाते. या पद्धतीत दोन मोठे दोष आहेत.

पहिला दोष लहान चाचणीचा. वीस गुणांच्या चाचणीत दोन गुणांची एक चूक झाली आणि तेच प्रमाण ८० गुणांना लावले, तर त्या एका चुकीचे आठ गुण होतात. एखाद्या दिवशी मुलाला ताप असला किंवा नेमका पाठ केलेलाच प्रश्न आला, तरी अंदाज आठ-दहा गुणांनी इकडेतिकडे होतो. यासाठी किमान तीन चाचण्यांचे गुण एकत्र घ्यावेत.

दुसरा दोष अधिक खोल आहे. घटक चाचणी नुकत्याच शिकविलेल्या प्रकरणावर असते. वर्गसमीकरणांच्या चाचणीत येणारे प्रत्येक उदाहरण वर्गसमीकरणाचेच आहे, हे विद्यार्थ्याला आधीच ठाऊक असते. मंडळाच्या परीक्षेत मात्र समोरचे उदाहरण कोणत्या प्रकरणाचे, हे त्याने स्वतःच ओळखावयाचे असते. शिवाय जुलैमध्ये शिकलेला भाग मार्चमध्ये आठवावा लागतो. जर्मन मानसशास्त्रज्ञ हर्मान एबिंगहाऊस यांनी १८८५ मध्येच दाखवून दिले होते की, शिकलेल्या गोष्टींचा मोठा भाग पहिल्या काही दिवसांतच विसरला जातो आणि पुढे विसरण्याचा वेग मंदावतो. म्हणून घटक चाचण्यांवरून केलेला अंदाज नेहमी वास्तवापेक्षा चढा असतो. अंदाजासाठी ज्या चाचण्या घ्यावयाच्या, त्या सर्व प्रकरणे मिसळलेल्या व घड्याळ लावून घेतलेल्या असाव्यात.

एक उदाहरण घेऊ. एखाद्या विद्यार्थिनीला अशा तीन मिश्र चाचण्यांत २० पैकी अनुक्रमे ९, १२ आणि १० गुण मिळाले. बेरीज ६० पैकी ३१. हेच प्रमाण ८० गुणांना लावले असता सुमारे ४१ गुण येतात. सर्वांत कमी चाचणी धरली तर ३६ आणि सर्वांत चांगली धरली तर ४८. अंतर्गत मूल्यमापनाचे १६ गुण मिळविले म्हणजे एकूण अंदाज ५२ ते ६४, मध्य ५७. येथे "५७ पडतील" असे न सांगता "आजच्या स्थितीत ५२ ते ६४ च्या दरम्यान" असे सांगणे योग्य होय. एका आकड्याऐवजी दोन आकड्यांमधील पट्टा सांगितला की, मुलीला दोन गोष्टी एकदम कळतात. काही न केल्यास ती कोठे घसरू शकते, हे कळते आणि साठ गुणांची पातळी तिच्या आवाक्यात आहे, हेही कळते.

शालान्त परीक्षेतील श्रेणी सर्व विषयांच्या एकूण टक्केवारीवर ठरते. ७५ टक्के व त्याहून अधिक गुणांना विशेष प्रावीण्य, ६० पासून प्रथम श्रेणी, ४५ पासून द्वितीय श्रेणी आणि ३५ पासून उत्तीर्ण श्रेणी मिळते. त्यामुळे गणितात वाढलेले चार-पाच गुण एकूण श्रेणीच्या सीमारेषेवर असलेल्या विद्यार्थ्याला फार मोलाचे ठरतात.

अंदाज विद्यार्थ्याकडूनही करवून घ्यावा. चाचणी संपताच, उत्तरपत्रिका देण्यापूर्वी, त्याने आपल्याला किती गुण मिळतील हे पत्रिकेच्या कोपऱ्यात लिहावे. ज्याने १४ लिहिले आणि ज्याला १३ मिळाले, त्याला आपल्या चुका ठाऊक आहेत. ज्याने १६ लिहिले आणि ज्याला ८ मिळाले, त्याला आपण चुकतो आहोत हेच ठाऊक नाही. दुसऱ्या विद्यार्थ्याकडे शिक्षकाने तातडीने लक्ष द्यावयास हवे, कारण त्याला घरी अभ्यास करताना मदतीची गरजच भासत नाही.

गुण कोठे गळतात

एकूण गुण सारखे असले, तरी त्यामागील कारणे सारखी नसतात. दोन विद्यार्थ्यांना ४० पैकी २२ गुण मिळाले आहेत, असे समजू. दोघांचेही १८ गुण गेले. पहिल्याचे ३ गुण न सोडविलेल्या प्रश्नांत, ५ समजुतीच्या चुकांत, ४ अपुऱ्या मांडणीत आणि ६ आकडेमोडीत गेले. दुसरीचे १२ गुण न सोडविलेल्या प्रश्नांत, ४ समजुतीच्या चुकांत आणि एकेक गुण मांडणीत व आकडेमोडीत गेला. पहिल्याला विषय बराचसा येतो. त्याला पडताळा घेण्याची सवय लावली, तर पंधरा दिवसांत त्याचे गुण वाढतील. दुसरी जे सोडविते ते नेटके सोडविते, पण तिला वेळ पुरत नाही किंवा काही प्रकरणे तिने सोडून दिलेली आहेत. दोघांनाही "आणखी अभ्यास करा" असा एकच उपदेश केला, तर तो दोघांनाही निरुपयोगी ठरतो.

म्हणून उत्तरपत्रिका तपासताना शिक्षकाने गेलेल्या गुणांपुढे कारणाचे एक अक्षर लिहावे : न सोडविल्यास 'न', समजुतीची चूक असल्यास 'स', मांडणीची असल्यास 'म' आणि आकडेमोडीची असल्यास 'आ'. या चार अक्षरांची बेरीज करण्यास एका पत्रिकेमागे दोन मिनिटेही लागत नाहीत. परंतु संपूर्ण वर्गाची बेरीज मांडली की, कोणत्या मुलांना काय हवे याचा नकाशाच तयार होतो.

समजुतीच्या चुकांचेही पोटभाग आहेत. ऑस्ट्रेलियातील शिक्षणतज्ज्ञ ॲन न्यूमन यांनी १९७७ च्या सुमारास शाब्दिक उदाहरणांतील चुकांचा अभ्यास करून पाच पायऱ्या सांगितल्या : उदाहरण वाचणे, त्याचा अर्थ समजणे, त्याचे गणिती रूपांतर करणे, प्रत्यक्ष क्रिया करणे आणि उत्तर योग्य शब्दांत लिहिणे. क्रियेला आरंभ होण्यापूर्वीच, म्हणजे पहिल्या तीन पायऱ्यांवरच, पुष्कळ मुले अडतात, असे या अभ्यासातून दिसून आले.

आपल्याकडील वर्गांत याचा प्रत्यय सहज येतो. "एका दोन अंकी संख्येतील अंकांची बेरीज ९ आहे. अंकांची अदलाबदल केल्यास येणारी संख्या मूळ संख्येपेक्षा २७ ने मोठी आहे. मूळ संख्या काढा." या उदाहरणातील समीकरणे सोडविणे कोणालाही जड जात नाही. अडचण येते ती दशक स्थानी क्ष आणि एकक स्थानी य असल्यास संख्या १०क्ष + य होते, हे लिहिण्याची. अनेक मुले तेथे नुसते 'क्षय' लिहून थांबतात. ही पायरी ओलांडली की क्ष + य = ९ आणि य − क्ष = ३ ही दोन समीकरणे मिळतात आणि ३६ हे उत्तर दोन ओळींत येते. अशा मुलाला समीकरणे सोडविण्याचे आणखी वीस नमुने देऊन काही साधत नाही. त्याच्याकडून उत्तर न काढता केवळ समीकरणे मांडून घेण्याचा सराव करून घ्यावा.

भाषेचा अडथळाही दुर्लक्षिण्याजोगा नाही. लंबांतर, छेदिका, अंतर्लिखित कोन, उन्नत कोन, अवनत कोन हे शब्द ज्या घरांत मराठी बोलली जाते, तेथेही रोजच्या वापरातील नाहीत. ज्यांची घरची भाषा भिली, गोंडी किंवा कोरकू आहे, अशा आश्रमशाळांतील मुलांना तर ते दुहेरी परके असतात. प्रत्येक प्रकरणाच्या आरंभी अशा शब्दांची आकृतीसह यादी भिंतीवर लावणे आणि मुलांकडून त्या शब्दांचा अर्थ त्यांच्या बोलीत वदवून घेणे, हा स्वस्त आणि गुणकारी उपाय आहे.

चार महिन्यांची आखणी

नोव्हेंबर ते फेब्रुवारी हे चार महिने सुधारणेसाठी पुरेसे आहेत. मात्र त्यांची आखणी विचारपूर्वक व्हावयास हवी.

पहिल्या महिन्यात पायाकडे लक्ष द्यावे. दहावीच्या उदाहरणांत होणाऱ्या अनेक चुका मुळात पाचवी ते आठवीच्या असतात. ऋण चिन्हे, अपूर्णांक, कंस सोडविणे, शेकडेवारी यांत मुले अडखळतात. दररोज तासाच्या आरंभी दहा मिनिटे याच गोष्टींची तोंडी व लेखी उजळणी घेतली, तर त्याचा लाभ सर्वच प्रकरणांत होतो.

दुसऱ्या व तिसऱ्या महिन्यात प्रकरणांचा क्रम लावावा. ज्या प्रकरणांत थोड्या श्रमाने अधिक गुण हाती येतात, ती आधी घ्यावीत. भौमितिक रचनांना सफाई आणि सराव लागतो, फारशी कल्पकता लागत नाही. सांख्यिकीतील मध्य, मध्यक व बहुलक यांची पद्धत ठरलेली असते. तेथे कोष्टक नेटके आखणे आणि बेरीज अचूक करणे एवढेच महत्त्वाचे. अर्थनियोजनातील वस्तू व सेवा कराची उदाहरणे गावातील दुकानाच्या पावतीवरून शिकविता येतात. संभाव्यतेत नमुना अवकाश पूर्ण लिहिला की निम्मे काम होते. या प्रकरणांतून आत्मविश्वास आला म्हणजे समरूपता, वर्तुळ, वर्गसमीकरणांवरील शाब्दिक उदाहरणे यांकडे वळावे.

नववीच्या व दहावीच्या आरंभीच्या प्रकरणांचा विसर पडू नये म्हणून सरावाचे गृहपाठ मिश्र द्यावेत. दहा उदाहरणांत चार चालू प्रकरणाची, तीन मागील महिन्याची आणि तीन त्याहून जुनी असावीत. मिश्र सरावात आरंभी मुले अधिक चुकतात, त्यामुळे शिक्षक व पालक धास्तावतात. परंतु उदाहरण कोणत्या प्रकरणाचे, हे ओळखण्याचे शिक्षण याच सरावातून मिळते. "वर्तुळाची त्रिज्या ६ सेंमी आहे. केंद्रापासून १० सेंमी अंतरावरील बिंदूतून काढलेल्या स्पर्शिकाखंडाची लांबी काढा" हे उदाहरण पाहावे. स्पर्शिका त्रिज्येला लंब असते, हे विद्यार्थ्याला वर्तुळाच्या प्रकरणात ठाऊक झालेले असते. काटकोन त्रिकोणाच्या बाजूंचा संबंध त्याला पायथागोरसच्या प्रमेयात ठाऊक झालेला असतो. तरीही तो अडतो, कारण ही दोन प्रकरणे त्याच्या मनात एकमेकांना कधी भेटलेलीच नसतात. त्रिज्या काढून काटकोन दाखविला की १० चा वर्ग उणे ६ चा वर्ग, म्हणजे ६४, आणि उत्तर ८ सेंमी, हे आपोआप पुढे येते.

प्रत्येक विद्यार्थ्याने चुकांची एक वही ठेवावी. डाव्या पानावर चुकलेले उदाहरण व चुकीचे कारण एका वाक्यात, उजव्या पानावर अचूक उत्तर. तेच उदाहरण उत्तर झाकून तीन दिवसांनी, दहा दिवसांनी आणि महिन्याने पुन्हा सोडवावे. सोडविलेले उत्तर वाचत राहिल्याने सारे समजल्याचा भास होतो. ते कोऱ्या कागदावर पुन्हा उतरविता येते की नाही, हीच खरी कसोटी होय.

चौथ्या महिन्यात पूर्ण प्रश्नपत्रिका घड्याळ लावून सोडवाव्यात. दोन तासांत ४० गुण, म्हणजे एका गुणाला तीन मिनिटे. पंधरा मिनिटे पडताळ्यासाठी राखली, तर एका गुणाला अडीच मिनिटांहून थोडी अधिक उरतात. चार गुणांच्या प्रश्नावर दहा-अकरा मिनिटे झाली आणि मार्ग सापडला नाही, तर जेवढे येते तेवढे लिहून पुढे जावे. पायऱ्यांना गुण असतात. पक्ष, साध्य व योग्य आकृती लिहिलेला अपुरा प्रश्न आणि कोरा सोडलेला प्रश्न यांत फरक पडतो.

पडताळ्याची सवयही या महिन्यातच अंगी बाणवावी. क्ष² − ५क्ष − २४ = ० या समीकरणाची उत्तरे ८ आणि −३ अशी आली, तर ८ ही किंमत मूळ समीकरणात घालून पाहावी : ६४ − ४० − २४ = ०. यास अर्धे मिनिटही लागत नाही. ज्याने घाईत −८ आणि ३ लिहिले असेल, त्याची चूक तेथेच उघड होते आणि गेलेले गुण परत येतात.

२०२१ चा धडा

अंदाज म्हणजे निकाल नव्हे, हे समजण्यास अलीकडचा अनुभव पुरेसा आहे. कोविड महामारीमुळे २०२१ साली दहावीची लेखी परीक्षा रद्द करावी लागली. त्या वर्षी नववीच्या निकालाला ५०, दहावीतील वर्षभराच्या अंतर्गत लेखी मूल्यमापनाला ३० आणि तोंडी, प्रात्यक्षिक व अंतर्गत मूल्यमापनाला २० असे भारांश देऊन निकाल तयार करण्यात आला. १६ जुलै २०२१ रोजी लागलेला हा निकाल ९९.९५ टक्के होता. त्या असाधारण परिस्थितीत मुलांचे वर्ष वाया जाऊ न देण्याचा तो मार्ग होता. परंतु त्या वर्षीची मुले आधीच्या व नंतरच्या मुलांपेक्षा गणितात वेगळी होती, असा निष्कर्ष त्यावरून कोणी काढणार नाही.

असाच प्रसंग त्याआधीच्या वर्षी इंग्लंडवर आला होता. तेथे २०२० साली परीक्षा न झाल्यामुळे शिक्षकांनी प्रत्येक विद्यार्थ्याच्या श्रेणीचा अंदाज दिला आणि शाळेचे पूर्वीचे निकाल लक्षात घेणाऱ्या एका गणिती सूत्राने तो अंदाज दुरुस्त करण्यात आला. 'ए लेव्हल' परीक्षेतील सुमारे ४० टक्के श्रेणी त्यामुळे शिक्षकांच्या अंदाजाहून खाली आल्या. ज्या शाळांचे पूर्वीचे निकाल सामान्य होते, तेथील हुशार मुलांना त्याचा फटका बसला. तीव्र असंतोषानंतर १७ ऑगस्ट २०२० रोजी ते सूत्र मागे घेण्यात आले. शाळेच्या पूर्वेतिहासावरून एका मुलाचे भवितव्य ठरविता येत नाही, हा त्यातील बोध प्रत्येक शाळेला लागू पडतो. "या गावची मुले गणितात अशीच" हे वाक्य म्हणजे तेच सूत्र, केवळ बोलीभाषेतले.

टक्केवारी वाचताना

अधिकारी व लोकप्रतिनिधी यांच्या हाती बहुधा शाळेच्या निकालाची टक्केवारी येते. ती वाचताना दोन गोष्टी ध्यानात घ्याव्यात. राज्याचा दहावीचा निकाल २०१८ मध्ये ८९.४१ टक्के होता, तो २०१९ मध्ये ७७.१० वर आला आणि २०२० मध्ये पुन्हा ९५.३० वर गेला. २०१९ मध्ये भाषा व सामाजिक शास्त्रांचे अंतर्गत गुण बंद करण्यात आले होते आणि पुढील वर्षी ते पुन्हा सुरू झाले. मोजण्याची पद्धत बदलली की आकडा बदलतो. म्हणून एका वर्षाच्या चढउतारावरून शिक्षकाची वाहवा किंवा झाडाझडती करू नये.

दुसरी गोष्ट लहान शाळांची. वीस मुलांच्या वर्गात एक मूल म्हणजे पाच टक्के. निकाल ९५ वरून ८५ वर आला, तर घसरण दहा टक्क्यांची दिसते, पण ती दोन मुलांची असते. ती दोन मुले कोण, त्यांचे गुण कोठे गेले आणि निकालानंतर लगेच होणाऱ्या पुरवणी परीक्षेला ती बसत आहेत किंवा नाही, हे प्रश्न टक्केवारीपेक्षा महत्त्वाचे आहेत.

गावाचा वाटा

गणिताचे गुण वर्गात वाढतात तसे घरी आणि गावातही वाढतात. मराठवाड्यातील बीडसारख्या जिल्ह्यांतून हजारो कुटुंबे दिवाळीच्या आसपास ऊसतोडणीसाठी बाहेर पडतात आणि हंगाम संपल्यावर परततात. सुधारणेचे हे चार महिने आणि तोडणीचा हंगाम एकच असतो. अशा कुटुंबांतील दहावीच्या मुलामुलींची गावातच राहण्याची, जेवणाची आणि अभ्यासाची सोय ग्रामपंचायत, शाळा व नातेवाईक यांनी मिळून ऑक्टोबरमध्येच लावली, तर एक वर्ष आणि अनेकदा एक संपूर्ण आयुष्य वाचते. मुलींच्या बाबतीत हे अधिकच खरे आहे.

सांगली जिल्ह्यातील मोहित्यांचे वडगाव या गावाने २०२२ मध्ये एक साधा पायंडा पाडला. सायंकाळी सात वाजता गावात भोंगा वाजतो आणि त्यानंतर दीड तास घरोघरी दूरचित्रवाणी संच व भ्रमणध्वनी बंद ठेवून मुले अभ्यासाला बसतात. यास खर्च जवळजवळ नाही. लागतो तो गावाचा निश्चय. ज्या घरांत बसण्यास जागा किंवा पुरेसा उजेड नाही, तेथील मुलांसाठी शाळेची एक खोली अथवा ग्रामपंचायतीचे सभागृह सायंकाळी उघडे ठेवणे, परीक्षेच्या दिवसांत ध्वनिक्षेपक बंद ठेवणे, गावातील महाविद्यालयीन तरुणांनी आठवड्यातून दोन दिवस गणिताचा सराव घेणे, हेही प्रत्येक गावाला शक्य आहे.

शिक्षकाने दिलेला अंदाज, विद्यार्थ्याची चुकांची वही आणि गावाने उपलब्ध करून दिलेला दीड तास, या तिन्हींचा मेळ बसला की, सुधारणा दिसू लागते. नोव्हेंबरमध्ये केलेला अंदाज मार्चमध्ये खोटा ठरावा, यासाठीच तो करावयाचा असतो. "किती पडतील?" या प्रश्नाला त्यामुळेच "आज इतके, आणि या या गोष्टी केल्यास इतके" असे उत्तर देणारा शिक्षक प्रत्येक माध्यमिक शाळेत असावा आणि त्या उत्तराप्रमाणे मुलाला वेळ व जागा मिळवून देणारे गाव त्याच्या पाठीशी उभे असावे.